एलिमेंटरीचा पेपर आणि आघाडीवरची वही

मे २०२५ मध्ये युद्धाची म्हणून व्हिडिओ गेममधली दृश्यं फोनाफोनांवर फिरली, ती ठाण्यातल्या नौपाड्यापासून नेरूळपर्यंत सगळ्यांनी पाहिली. तेव्हापासून तिकडच्या गप्पांत एक प्रश्न हमखास निघतो : फोटोवरच विश्वास उरला नाही, तिथे आघाडीवर जाऊन जवानांची चित्रं काढणाऱ्या पत्रकाराचं काय घेऊन बसलात? आणि पोरगा त्याच वाटेला गेला तर खाणार काय?

इथे लंडनमध्ये हा पेशा जुना आहे. क्रिमियन युद्धात विल्यम सिम्पसन होता. १९१६ मध्ये सरकारने म्युरहेड बोनला अधिकृत युद्धचित्रकार नेमलं, १९८२ मध्ये लिंडा किट्सन फॉकलंडला गेली. अँथनी ग्रॉसने १९४३ मध्ये ब्रह्मदेशातल्या आराकानच्या आघाडीवर काढलेली चित्रं आजही इथल्या इम्पिरियल वॉर म्युझियममध्ये जपलेली आहेत. नेमणारा आणि सांभाळून ठेवणारा कुणीतरी आहे, हा खरा फरक. अर्थात ज्याची नेमणूक, त्याची कात्रीही. पहिल्या महायुद्धातला युद्धचित्रकार नेव्हिन्सन याने काटेरी तारांत पडलेले दोन मृत ब्रिटिश सैनिक रंगवले, तर १९१८च्या प्रदर्शनात त्यावर तपकिरी कागदाची पट्टी आली. तेव्हा इथलं सगळं उचलून तिकडे न्यावं, असं मी म्हणणार नाही.

कामाचं म्हणाल, तर हातात वेळ फार थोडा असतो. समोरचा जवान दहाव्या मिनिटाला उठून जाईल हे धरूनच बसायचं. आधी मान आणि खांद्यांचा कल, मग डोळे-नाक, मग हेल्मेटची कड. पाउच, पट्टे, बूट सगळ्यांचे सारखेच, ते नंतर दुसऱ्याला बघूनही भरता येतात. चेहरा मात्र पुन्हा भेटत नाही. नवखा माणूस अख्खं डोकं काढून वर हेल्मेट ठेवतो आणि जवानाच्या डोक्यावर पातेलं बसतं. कड भुवईच्या जरा वर धरून तिथूनच डोकं बांधत जावं. दुसरी चूक बंदुकीची. आपल्या जवानांची इन्सास रायफल ९६ सेंटीमीटर लांब, म्हणजे जमिनीवर उभी धरली तर कमरेच्या आसपास येते. अंगाशी धरलेली असली की ती हमखास आखूड काढली जाते.

खिशात मावेल अशी ए५ वही, २बी पेन्सिल, पाण्याने न पसरणाऱ्या शाईचं ०.३ चं पेन, सहा रंगांची छोटी डबी. लडाखच्या थंडीत शाई दगा देते, पेन्सिल चालते. वाळवंटात वॉश, म्हणजे पातळ पाणीदार रंगाचा थर, पसरवायच्या आत सुकतो आणि कडा करकरीत उमटतात. आपल्या पावसाळ्यात उलट, कागद फुगतो आणि पानं एकमेकांना चिकटतात. अर्धवट भरलेलं शाईपेन विमानात गळतं, कारण आतली हवा फुगते. पेन्सिल पुसली जाऊ नये म्हणून मारायचा फिक्सेटिव्हचा स्प्रे विमानात नेता येत नाही, म्हणून पेन्सिलच्या पानांमध्ये बटर पेपर घालायचा.

कॅमेऱ्यापेक्षा चित्राचा एक फायदा तिकडच्या वादात कुणी मांडत नाही. मागची डोंगराची रेघ, युनिटची खूण, अँटेना हे सगळं काढणाराच गाळतो. फोटोत ते आपसूक येतं. पण तेच पान मोबाइलने टिपून पाठवलं आणि लोकेशन चालू राहिलं, की ठिकाण गेलंच समजा. पानामागे तारीख, किती मिनिटं बसलो, परवानगी कुणाची, हे लिहायचं. जखमी जवानाचं चित्र घरच्यांना कळवण्याआधी छापायचं नाही.

पैशाचं उत्तर इथेही गोड नाही. नुसत्या वर्तमानपत्राच्या मानधनावर फार थोडे जगतात. मूळ चित्रांची विक्री, प्रदर्शनं, पुस्तकांची कामं जोडून घर चालतं.

कौशल्य मात्र ठाण्यात पडून आहे. एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या शाळकरी चित्रकला परीक्षांना स्मरणचित्राचा, म्हणजे समोर न बघता आठवणीतून काढायच्या चित्राचा, पेपर असतो. जवान उठून गेल्यावर उरतं ते नेमकं स्मरणचित्रच! मुलं तो पेपर दहावीच्या वाढीव गुणांसाठी देतात आणि वही माळ्यावर जाते. मराठी दैनिकांनी एकदम सीमेवर कुणाला धाडायला नको. अनंत चतुर्दशीला मासुंदा तलावाच्या काठावरचा पोलीस बंदोबस्त काढून आणायला सांगा. टोपी, पट्टा, लाठी, तासन् तास उभे असलेले पाय, सगळं आहे. फक्त गोळ्या नाहीत.