आजच्यापुरती शक्ती

"तुमचा विश्वास कमी पडतोय." दमलेल्या माणसाला हे वाक्य ऐकवणं आपण थांबवूया. आमच्या चर्चच्या मंडळीतल्या भावाबहिणींना माझी ही हात जोडून विनंती आहे.

कोल्हापुरात कसबा बावड्यात माझी मावशी राहते. काका अर्धांगवायूनं अंथरुणाला खिळलेत. रात्री-अपरात्री उठून त्यांची कूस बदलावी लागते, नाहीतर पाठीला जखमा होतात. परवा प्रार्थनेला आलेल्यांसमोर तिला रडू फुटलं. "आजचं कसंतरी होतंय, पुढं मला हे झेपंल का गं?" एवढंच म्हणाली. तर एक ताई समजावायला लागल्या, की देवावर खरा भरवसा असला की डोळ्याला पाणी येत नाही.

असं कुठं लिहिलंय? बायबलमधल्या '1 राजे' या पुस्तकाचा 19 वा अध्याय वाचा. कर्मेल डोंगरावर बआल दैवताच्या साडेचारशे संदेष्ट्यांसमोर एकटा उभा राहिलेला एलीया, ईजबेल राणीची धमकी आल्याबरोबर जीव घेऊन पळाला. बैरशेबाच्या पुढं दिवसभर रानात चालला, एका झुडपाखाली बसला आणि 'आता पुरे, माझा जीव घे' म्हणाला. एवढा मोठा संदेष्टा! देवानं त्याला एका शब्दानं रागावलं नाही. आधी झोपू दिलं. मग देवदूतानं उठवून निखाऱ्यावर भाजलेली भाकर आणि पाण्याची सुरई पुढं केली. खाऊन तो परत झोपला, तरी बोल लावला नाही. दुसऱ्यांदा उठवलं तेव्हाही खायलाच सांगितलं, कारण पुढची वाट त्याच्या ताकदीबाहेरची होती. ते देवाला ठाऊक होतं. त्या अन्नाच्या बळावर तो चाळीस दिवस चाळीस रात्री चालत होरेब डोंगराला पोचला. देव त्याच्याशी सविस्तर बोलला तो तिथं, पोटात अन्न गेल्यावर.

देव वाटेसाठी माणसाला तयार करतो ते असं, यावर माझा पूर्ण विश्वास आहे. सगळ्या प्रवासाची शक्ती तो आधीच हातात देत नाही. इस्राएली लोक रानातून चालले होते तेव्हा मान्ना, म्हणजे देवानं पाठवलेलं अन्न, रोज सकाळी पडायचा, दरडोई एक ओमर, म्हणजे एक ठरलेलं माप. उद्यासाठी राखून ठेवला की किडे पडायचे. आपणही 'आमची रोजची भाकर आज आम्हांस दे' म्हणतो, वर्षाचं धान्य मागत नाही. पायी पंढरीला जाणारे आमचे शेजारी असंच चालतात. सकाळी निघताना त्यांच्या डोळ्यांपुढं आजचा मुक्काम असतो.

म्हणजे पुढचा विचारच करू नये का? तसं मी म्हणत नाही. बायबलमधल्या योसेफानं मिसरात, म्हणजे इजिप्तमध्ये, पुढच्या दुष्काळासाठी सुकाळाची सात वर्षं पिकाचा पाचवा हिस्सा साठवला, तेही देवानंच सुचवलेलं. शब्बाथाच्या, म्हणजे विसाव्याच्या दिवसाच्या, आदल्या दिवशी मान्ना दुप्पट गोळा करायचा आणि तेवढा मात्र नासायचा नाही. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगा 39 फुटांच्या इशारा पातळीकडं सरकली की नदीकाठच्या चिखली-आंबेवाडीची माणसं जनावरं हलवायला लागतात. त्याला मी अविश्वास म्हणणार नाही. तयारी करावी, जरूर करावी. पण उद्याचं भय आजच पाठीवर घेतलं, तर ते पेलायची शक्ती आज मिळालेलीच नसते. मावशीचं रडू तिथलं आहे, आणि ते देवाला कळतं.

2019 चा ऑगस्टमधला महापूर आठवा. धोक्याची पातळी 43 फूट, आणि नदी 55 च्या वर गेली. शिरोलीजवळ महामार्ग बंद, शहरात पेट्रोल नाही, भाजी नाही. त्या दिवसांत गल्लीगल्लीतून चपात्या गोळा होत होत्या. कोण कुणाच्या घरची खातोय हे कुणी विचारलं नाही. दुसऱ्या दिवशीचं काय, हे देणाऱ्यालाही माहीत नव्हतं, तरी दुसऱ्या दिवशी परत चपात्या आल्या. मी तरी तो देवाचाच हात मानते. एलीयाला देवदूत भेटला, आपल्याकडं बहुतेक वेळा शेजारच्या वहिनी येतात.

म्हणून आजारी माणसाच्या घरी प्रार्थनेला जाताना डबा घेऊन जा. "मी बसते यांच्यापाशी, तुम्ही दोन तास झोपा," असं म्हणा आणि खरंच बसा. वचनं नंतर सांगता येतील. बावड्याच्या घरासाठी आम्ही काहीजणी रात्रीच्या पाळ्या लावतोय. बुधवार आणि शनिवार अजून रिकामे आहेत. ज्यांना जमेल त्यांनी मला इनबॉक्समध्ये कळवा.