‘पोयी’ म्हणणारी जीभ जड नसते

दिवाळीनंतर आई महिनाभर पुण्याला माझ्या धाकट्या बहिणीकडे राहायला गेली होती. आई अकोला जिल्ह्यातली, बोलणं अस्सल वऱ्हाडी. पोळीला पोयी, काळ्याला काया, पाण्याला पानी. एका संध्याकाळी दुसरीतल्या भाच्यानं तिला जेवता जेवता थांबवलं, “आजी, पोयी नाही, पोळी म्हण.” आई हसली. दुसऱ्या दिवसापासून मात्र ती वाढताना विचारायला लागली, “चपाती देऊ का अजून?” आमच्या घरात चपाती हा शब्द कधी कुणाच्या तोंडी नव्हता. त्यात ळ नाही, म्हणून तिनं तो शोधून काढला होता. बहिणीनं हे फोनवर सांगितलं आणि मला रात्रभर झोप लागली नाही.

पोराचा दोष नाही. सोसायटीच्या ग्रुपवर आलेला एक मजकूर घरात मोठ्यानं वाचला गेला होता. तोच मजकूर मला आणखी तिघांनी पाठवला, म्हणून इथं उत्तर देतोय. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: मराठीला अभिजात दर्जा मिळाला, आता ती शुद्ध ठेवणं ही आपली जबाबदारी. पुण्याची प्रमाण मराठी हीच मूळ मराठी, बोली म्हणजे अशिक्षितांनी बिघडवलेली तिची रूपं. ण आणि ळ न उच्चारणं हा जिभेचा आळस. वऱ्हाडी-खानदेशीचं हिंदीनं वाटोळं केलं. घरात बोली बोललात तर मुलं अभ्यासात मागं पडतील. आणि सगळ्यांनी प्रमाण मराठी बोलली तर भाषा बदलायची थांबेल.

आळसाचा मुद्दा आधी घेतो, कारण त्याचाच घाव आईला बसला.

आळस असता तर तो कुठंही दिसला असता. आईच्या तोंडी फळाचं फय होतं, पण फुलाचं फूय कधी होत नाही. गुळाचा गूय होतो, तेलाचं तेय होत नाही. डोळ्याचा डोया होतो, गालाचा गाय होत नाही. काळा रंग काया, पण कालचा दिवस कालच. चूल ती चूलच. इतक्या वर्षांत तिची यात एकदाही चूक झालेली मी ऐकलेली नाही. आळशी जीभ असा हिशेब ठेवत नसते.

हिशेब कशाचा आहे ते झ्यूल ब्लॉक या फ्रेंच अभ्यासकानं विसाव्या शतकाच्या सुरुवातीलाच मांडून ठेवलंय. मराठी कशी घडली यावर त्याचा अख्खा ग्रंथ आहे, त्याचं मराठी भाषांतरही झालेलं आहे. दोन स्वरांमधला जुना एकेरी ल मराठीत ळ झाला: फल, काल, गल यांचे फळ, काळ, गळा. प्राकृतात जिथं जोडाक्षर होतं तिथं मात्र ल टिकला: फुल्ल, तेल्ल, गल्ल, कल्ल, चुल्ली यांचे फूल, तेल, गाल, काल, चूल. वऱ्हाडीनं पुढं एकच केलं, ळ होता तिथं य आणला आणि ल ला हात लावला नाही. म्हणजे कुठल्या शब्दात दोन हजार वर्षांपूर्वी एकेरी ल होता आणि कुठल्या शब्दात दुहेरी, हे शाळेची पायरी न चढलेली माझी आई रोज स्वयंपाकघरात बिनचूक पाळते. हिंदीत फल आणि फूल दोन्हीकडं ल च आहे, तिथं हा फरक पुसला गेलाय. वऱ्हाडीत तो शाबूत आहे, फक्त आवाज बदललाय.

आता ण. मजकुरात ‘पानी’ हे बिघडलेलं रूप म्हणून ठळक अक्षरांत दिलंय. प्रमाण मराठीतलं ‘पाणी’ कुठून आलं? संस्कृत पानीयपासून. तिथं न आहे. झाडाचं पान कुठून आलं? पर्णपासून. कान कर्णपासून. तिथं ण आहे, प्राकृतात त्यांचे पण्ण आणि कण्ण झाले. म्हणजे प्रमाण मराठीनं एकेरी न चा ण केला आणि दुहेरी ण्ण चा न केला, दोन्हीकडं संस्कृतच्या उलट. संस्कृतपासून दूर जाणं म्हणजे बिघडणं असेल, तर कान आणि पान म्हणणारे सगळे बिघडलेले ठरतात. ‘पानी’ म्हणून वऱ्हाडी संस्कृतच्या जवळची, असंही मी म्हणणार नाही. ते खोटं होईल. ण चा न होणं हा नंतरचा बदल आहे, दिसतो जुन्यासारखा एवढंच. पण तोही तितकाच नियमाचा.

बदल नियमानं होतो हे एकोणिसाव्या शतकात जर्मन विद्वानांनी छातीठोकपणे सांगितलं: ध्वनिनियमांना अपवाद नसतो. त्याच सुमाराला, १८७६ मध्ये, गेओर्ग वेंकर नावाच्या माणसानं ऱ्हाइन नदीकाठच्या शाळामास्तरांना वाक्यं धाडली आणि तुमच्या गावच्या बोलीत लिहून पाठवा म्हणून सांगितलं. नियम निरपवाद असेल तर ‘इक’चं (मी) ‘इश’ आणि ‘माकन’चं (करणे) ‘माखन’ नकाशावर एकाच रेषेवर व्हायला हवं होतं, कारण बदल एकाच जातीचा. नकाशावर रेषा फाकल्या. ऱ्हाइनकाठच्या उर्डिंगेन आणि बेनराट यांच्या मधल्या गावांत लोक ‘मी’साठी नवं रूप वापरत होते आणि ‘करणे’साठी जुनं. पुढं फ्रान्सात एदमों हा माणूस १८९७ ते १९०१ अशी चार वर्षं सायकलवर ६३९ ठिकाणी फिरला, आणि त्याच्या नोंदींवरून भाषाभ्यासक जिलिएरोंनी जो नकाशासंग्रह केला त्यात तर शब्दागणिक सीमा वेगळी निघाली. नियम असतो, पण तो गावागावानं आणि शब्दाशब्दानं चालत येतो, हे ग्रंथांतून कळलं नव्हतं, शेतकऱ्यांच्या तोंडून कळलं. आपल्याकडं दर बारा कोसांवर भाषा बदलते असं म्हणतात. ती कुठल्या कोसावर, कुठल्या शब्दात बदलते हे टिपायचं काम डेक्कन कॉलेज आणि राज्य मराठी विकास संस्था यांच्या बोली-सर्वेक्षणानं केलंय. ध्वनिमुद्रणं आणि नकाशे कुणालाही पाहता येतात. मजकूर लिहिणाऱ्यानं एक नकाशा उघडला असता तरी पुरे होतं.

मूळ कोण, याला फार वेळ देत नाही. प्रमाण मराठीचं व्याकरण आणि कोश हे काम मोल्सवर्थच्या १८३१ च्या कोशापासून आणि दादोबा पांडुरंगांच्या १८३६ च्या व्याकरणापासून धरलं तर दोनशे वर्षांचंही नाही. महानुभावांचं मराठी गद्य तेराव्या शतकातलं, आणि त्यांचं रिद्धपूर अमरावती जिल्ह्यात, म्हणजे वऱ्हाडात. श्रवणबेळगोळच्या जुन्या मराठी शिलालेखात ‘करवियलें’ (करवलं) आहे, शेवटच्या अनुस्वारासकट. १९६२ च्या लेखननियमांनी असे अनुच्चारित अनुस्वार गाळले, कारण शहरी उच्चारातून ते गेले होते. मालवणी आणि गोव्याची कोंकणी ऐका, नाकातला तो स्वर अजून जिवंत आहे. आणि अपभ्रष्ट म्हणायचंच असेल तर संस्कृत व्याकरणकार पतंजलीपर्यंत जाऊ. इसवी सनाआधीच्या दुसऱ्या शतकात त्यानं ‘गौः’ या शुद्ध शब्दाचे अपभ्रंश सांगितले: गावी, गोणी, गोता, गोपोतलिका. त्यातल्या गावीपासून आपली गाय आली. अभिजात दर्जासाठी ज्या महाराष्ट्री प्राकृताचा दाखला दिला, तीही त्याच हिशेबानं भ्रष्ट.

हिंदीचा मुद्दा अर्धा खरा आहे, तो मान्य करतो. ‘काय करून राहिला’ ही आमच्याकडची रचना हिंदीच्या ‘कर रहा है’च्या साच्यातली आहे, आणि नागपूरकडं हिंदी शब्द भरपूर आहेत. पण शेजाराचा परिणाम म्हणजे वाटोळं नव्हे. सांगलीजवळच्या कुपवाडचा अभ्यास गम्पर्झ आणि विल्सन या भाषाभ्यासकांनी १९७१ मध्ये प्रसिद्ध केला. तिथं मराठी, कन्नड आणि उर्दू शतकानुशतकं शेजारी राहून वाक्याची बांधणी जवळजवळ एक झाली, शब्द मात्र आपापले राहिले. एका कुळातल्या भाषेचं व्याकरण दुसऱ्या कुळातल्या भाषेकडं इतकं सरकू शकतं, हे जगभरच्या भाषाविज्ञानाला या गावानं दाखवलं. आणि मजकुरातला ‘जबाबदारी’ हा शब्दही फारसीतूनच आलाय. तो आपलाच आहे, मी तो काढायला सांगणार नाही.

मुलांचा मुद्दा सगळ्यात वाईट. प्रमाण भाषा लागते, हे मीही मानतो. पाठ्यपुस्तकाला, सरकारी आदेशाला एक लेखी रूप हवं, हा लेखसुद्धा मी त्यातच लिहितोय. ती शाळेत शिकवा, नीट शिकवा. पण घरातली भाषा काढून टाकल्यानं दुसरी लवकर येते, हे कुठून काढलं? मला चौथीत ‘कोयसा’ म्हणालो म्हणून वर्गात उभं केलं होतं. त्यानं माझा कोळसा सुधारला नाही. मी वर्षभर हात वर करायचा बंद झालो, आणि गणितातही मागं पडलो. मूल दोन रूपं सहज सांभाळतं, त्याला फक्त कुठं काय चालतं ते कळावं लागतं. त्याला लाज शिकवली की ते गप्प बसतं. आणि आमच्या घरात तर गप्प बसली ती सत्तर वर्षांची बाई.

राहिलं भाषा बदलायची थांबण्याचं. पुण्यातल्या कुठल्याही कॉलेजच्या कट्ट्यावर दहा मिनिटं उभं राहा, तिथं सगळे प्रमाणच बोलतात, आणि तरी त्यांची भाषा बदलतेच आहे.

गेल्या रविवारी भाच्याला व्हिडिओ कॉल केला आणि वही घेऊन आजीजवळ बसायला सांगितलं. मी वस्तूंची नावं न घेता विचारत होतो, चहात काय घालता, झाडाला काय लागतं, दिव्यात काय ओतता. आजी सांगेल तसं त्यानं लिहायचं, सुधारायचं नाही. एका बाजूला गूय, फय, डोया, नय, शाया. दुसऱ्या बाजूला तेल, फूल, गाल, चूल, लाल. आई आधी बिचकत होती, तिसऱ्या-चौथ्या शब्दानंतर मोकळी झाली. यादी झाल्यावर तो बराच वेळ वहीकडं बघत राहिला. मग म्हणाला, “मामा, आजी सगळ्या ल ला य म्हणतच नाही. फक्त ळ ला म्हणते.” पुढच्या रविवारी ण ची यादी करायची ठरलंय.