रस्टमध्ये बेस वाचवायचाय? मग आधी सल्फर मोजा

रस्ट या ऑनलाइन गेममध्ये दर महिन्याच्या पहिल्या गुरुवारी वाइप होतो, म्हणजे सगळ्यांचे बेस (बांधलेली घरं) पुसून खेळ नव्याने सुरू होतो, आणि लगेच तोच प्रश्न फिरायला लागतो: "न फुटणारा बेस कसा बांधायचा?" नाही बांधता येत. रस्टमध्ये असा बेस अस्तित्वात नाही. व्हिडिओच्या शीर्षकात 'अनरेडेबल' लिहिलं म्हणून तो तसा होत नाही, आणि त्यातल्या अर्ध्या बंकर-युक्त्या (आत जायची वाट बांधकामानेच बुजवायच्या क्लृप्त्या) पुढच्या पॅचमध्ये बंद झालेल्या असतात.

रेड मारणारा, म्हणजे दुसऱ्याचा बेस फोडून लुटणारा, कसा विचार करतो ते एकदा समजून घ्या. तो लांबून तुमचा बेस बघतो, मनात बेरीज करतो आणि ठरवतो: आत जायला लागेल इतकं सल्फर (स्फोटकं त्यापासूनच बनतात), आत मिळेल अंदाजे इतकं. पहिला आकडा मोठा निघाला की तो शेजारच्याकडे वळतो. बचाव म्हणजे ही बेरीज त्याच्यासाठी तोट्याची करणं. त्यामुळे ती आधी तुम्हाला करता आली पाहिजे.

स्फोटकांची किंमत आधी. एक सी४ म्हणजे २२०० सल्फर. रॉकेट १४००. सॅचेल (साधा, स्वस्त बॉम्ब) ४८०. एक्स्प्लोसिव्ह गोळी २५. लाकडाच्या भिंतीला ३ सॅचेल पुरतात आणि ती जळतेही, म्हणून लाकूड ही फक्त पहिल्या तासाची सोय. दगडी भिंतीला २ सी४ किंवा ४ रॉकेट, मेटलच्या भिंतीला ४ सी४ किंवा ८ रॉकेट, आर्मर्ड (सगळ्यात मजबूत) भिंतीला ८ सी४ किंवा १५ रॉकेट. शीट मेटलच्या दाराला १ सी४ किंवा ४ सॅचेल, गॅरेज डोअरला २ सी४ किंवा ३ रॉकेट. एवढे आकडे पाठ असले की पुढचं सगळं आपोआप सुटतं.

आता नेहमीचा दोन बाय दोनचा (चार चौकोनी पायांचा) दगडी बेस घ्या. बाहेर एअरलॉकची (एकामागे एक उघडायची) दोन शीट मेटल दारं, आत लूट रूमला गॅरेज डोअर. दारांतून आत यायला १ + १ + २, म्हणजे ४ सी४ लागतात. मालक खूश. पण दारं सोडून थेट मागची भिंत फोडली तर? २ सी४. दारांवर घातलेला अर्धा खर्च पाण्यात, कारण समोरचा दारातून येणारच नाही.

म्हणून हनीकोम. बेसभोवती त्रिकोणी पाये लावून बाहेर भिंतींचा दुसरा थर उभा करायचा. एका त्रिकोणाला पाया आणि दोन भिंती मिळून ७५० दगड लागतात. एक थर झाला की भिंतीचा रस्ता ४ सी४ वर येतो, म्हणजे दारांच्या बरोबरीला. मग आतली भिंत मेटलची केली की बाहेरचा दगड २ आणि आतलं मेटल ४ मिळून ६ सी४ होतात. आता दारांचा रस्ता स्वस्त पडला! तिथे एक गॅरेज डोअर किंवा दोन शीट दारं वाढवली की तोही ६ वर जातो. बेस वाढवायचा तो असाच, एकदा इकडे एकदा तिकडे. जो रस्ता सगळ्यात स्वस्त तीच तुमच्या बेसची खरी किंमत, बाकी थर शोभेचे.

इथे एक गोष्ट बऱ्याच जणांच्या लक्षात येत नाही. शीट मेटल दार १५० मेटलमध्ये बनतं आणि समोरच्याचा एक सी४ खातं. गॅरेज डोअरला ३०० मेटल आणि २ गिअर लागतात, ते दोन खातं. मेटलची भिंत २०० ची, दगडापेक्षा दोन सी४ जास्त खाते. कागदावर भिंत स्वस्त दिसते. पण दार एकाच वाटेवर लावायचं असतं आणि भिंत चारही बाजूंना. दोन बाय दोनच्या एका मजल्याला बाहेरून ८ भिंती, म्हणजे १६०० मेटल, आणि वरच्या छताचे चार तुकडे १०० प्रमाणे ४००. शिवाय छत विसरणारे खूप. मिनिकॉप्टर घेऊन कोणी वर उतरलं की तुमचं अख्खं हनीकोम बघत बसतं. भिंतीला जो थर, तोच छताला हवा.

सोलो खेळणाऱ्यांनी बाहेरचं कवच मेटलचं करण्याच्या नादी लागू नये, असं माझं ठाम मत आहे. बाहेर दगडच ठेवा, आणि मेटल व एचक्यूएम (हाय क्वालिटी मेटल) टीसीच्या (टूल कबर्ड, बांधायचा हक्क देणारं कपाट) खोलीभोवती ओता. चकचकीत बाहेरचं कवच म्हणजे आत माल आहे अशी पाटीच.

रॉकेटचं गणित मात्र थोडं वेगळं आहे. रॉकेट आजूबाजूलाही मार करतं. दोन भिंतींच्या सांध्यावर मारलं तर दोन्ही एकदम खिळखिळ्या होतात, खालच्या-वरच्या मजल्याच्या सांध्यावर मारलं तर आणखी. एकाच कोपऱ्यात दोन गॅरेज डोअर काटकोनात लावली असतील तर तीच तीन रॉकेटं दोन्ही दारं घेऊन जातात, आणि तुमच्या बेरजेतले २ सी४ गायब. म्हणून दारांमध्ये निदान एक वळण किंवा एक भिंत आडवी असू द्या. एका खोलीतून समोर ओळीने तीन दारं दिसत असतील तर तो आराखडा चुकलाय.

आता फुकटात होणाऱ्या रेड. स्फोटकं न वापरता जे बेस जातात त्यांची कारणं ठरलेली असतात.

पहिलं, भिंतीची उलटी बाजू. दगडी भिंतीला एक कठीण आणि एक मऊ बाजू असते. खडबडीत, दगड उठून दिसणारी बाजू बाहेर हवी. उलटी लागली तर समोरचा कुदळ नाहीतर जॅकहॅमर घेऊन निवांत ती पोखरतो, एक ग्रॅम सल्फर न जाळता. भिंत लावल्यापासून १० मिनिटांच्या आत हातोड्याने फिरवता येते. नंतर नाही. त्यामुळे प्रत्येक भिंत लावली की बाहेर जाऊन एक चक्कर मारायची, अगदी अंधार असला तरी टॉर्च घेऊन.

दुसरं, विसरलेला ट्विग, म्हणजे अपग्रेड न केलेला काटक्यांचा तुकडा. वर चढायला तात्पुरता लावलेला एखादा तुकडा, अपग्रेड करायचा राहिलेला छताचा त्रिकोण. ट्विगला जेमतेम १० हेल्थ असते, काहीही मारलं तरी तुटतो. एक ट्विगचा तुकडा आणि सगळं हनीकोम व्यर्थ.

तिसरं, कुलूप. कोड लॉक लावलं, कोड टाकला आणि लॉक करायचंच राहिलं. दिव्याकडे बघा: हिरवा म्हणजे उघडं, लाल म्हणजे बंद. टीसीवरही लॉक हवंच. नाहीतर आत शिरलेला कोणीही स्वतःला ऑथराइज करून घेतो. कोड चार आकडी, म्हणजे दहा हजार शक्यता, पण लोक १२३४, ००००, नाहीतर जन्मवर्ष टाकतात. चुकीच्या कोडला झटका बसतो हे खरं, पण पहिल्याच प्रयत्नात बरोबर आला तर झटका कसला? आणि थोड्या वेळासाठी जोडलेल्या दोस्ताला मुख्य कोड कशाला द्यायचा? गेस्ट कोडची सोय त्यासाठीच आहे.

चौथं, दारात मरणं. दाराबाहेर झुडपात कोणीतरी दबा धरून बसलेलं असतं, तुम्ही दार उघडता, तो गोळी घालतो आणि उघड्या दारातून सरळ आत. एअरलॉक याचसाठी असतो, आणि तो वापरायची सवय नसेल तर तो असून नसल्यासारखा. बाहेरचं दार उघडायचं, आत यायचं, वळून ते बंद करायचं, बंद झाल्याचा आवाज कानाने ऐकायचा, मगच आतल्या दाराला हात लावायचा. मागे कोणी धावत येत असेल तर दोन्ही दारं एकदम उघडायचा मोह होतोच. तिथेच बेस जातो. आतलं दार अशा बाजूने लावा की उघडल्यावर ते बोळ अडवेल, म्हणजे घुसणाऱ्याला सरळ रस्ता मिळत नाही. गॅरेज डोअर बाहेरच्या तोंडाला लावू नका. ते सावकाश वर सरकतं आणि तेवढा वेळ तुम्ही उभ्या उभ्या निशाण असता. ते आतल्या खोल्यांना ठीक.

टीसीकडे वळू. टीसी गेलं तर तुमच्या घरात बांधायचा हक्क गेला. समोरचा स्वतःचं टीसी ठेवतो, दारं लावतो आणि तुम्ही स्वतःच्याच घराबाहेर. टीसीशिवाय राहिलेला बेस सडायलाही लागतो: लाकूड ३ तासांत, दगड ५, मेटल ८, आर्मर्ड १२ तासांत जमीनदोस्त. म्हणून टीसी सगळ्यात आतल्या खोलीत, चारही बाजूंनी आणि वरून सारखाच खर्च पडेल असं. शक्य असेल तर बेसच्या आसपास छोट्या दगडी खोल्यांत जादा टीसी ठेवा. त्याने भोवतालची जागा अडते आणि समोरच्याला तुमच्या खिडकीसमोर रेड बेस ठोकता येत नाही. एक पळवाट मात्र उरते: लाकडी शिडी तुमच्या हद्दीतही लावता येते. नुसत्या उंच कुंपणाच्या भरवशावर राहणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावं.

अपकीप, म्हणजे बेस सडू नये म्हणून टीसीत भरायचा माल, हा सगळ्यात नीरस विषय, पण महिनाभर टिकायचं असेल तर टाळून चालत नाही. पहिल्या १५ तुकड्यांवर (पाया, भिंत, छत, प्रत्येक एक तुकडा) दिवसाला बांधणीच्या खर्चाच्या १० टक्के, पुढे १५, मग २०, आणि १२५ च्या वर गेलं की वरच्या प्रत्येक तुकड्यावर जवळपास एक तृतीयांश. हौसेने वाढवलेला किल्ला एकट्याला पोसता येत नाही तो यामुळे. दोन दिवस लॉगिन जमणार नसेल तर टीसीत तीन दिवसांचा माल हवा.

टरेट (आपोआप गोळ्या झाडणारी बंदूक), ट्रॅप वगैरेंवर मी कमीच विश्वास ठेवतो. शॉटगन ट्रॅपला वीज लागत नाही, गोळ्या भरल्या की काम करतो, एअरलॉकच्या आतल्या वळणावर एक बसवावा. ऑटो टरेटला १० वीज लागते, आणि लोक छतावरच्या एकाच सोलर पॅनलवर सगळे टरेट चालवतात. पॅनल फुटलं की टरेट माना टाकतात. बॅटरी आत, तारा आत, आणि टरेटमध्ये गोळ्या आहेत का ते रोज बघायचं. रिकामा टरेट म्हणजे फर्निचर.

त्यापेक्षा स्मार्ट अलार्म लावा. तो रस्ट प्लस ॲपशी जोडला की फोनवर सूचना येते. साइस्मिक सेन्सर स्फोट ओळखतो, त्याची तार अलार्मला द्यायची. एचबीएचएफ सेन्सर (जवळ आलेले खेळाडू ओळखणारा) आतल्या बोळात लावणार असाल तर त्यात ऑथराइज्ड खेळाडू वगळायचा पर्याय निवडा, नाहीतर स्वतःच्याच येण्या-जाण्याने फोन वाजत राहील आणि दुसऱ्या दिवशी तुम्ही सूचनाच बंद कराल.

लूटबद्दल एवढंच: एका खोलीत सगळं ठेवू नका. तीन ठिकाणी वाटलेला माल म्हणजे तीन वेगळी गॅरेज डोअर, आणि बहुतेक जण दुसऱ्या रिकाम्या खोलीनंतर कंटाळतात. सल्फर तर साठवूच नये. पेटीत पडलेलं सल्फर शेवटी तुमच्याच भिंतीवर फुटतं.

आणि ऑनलाइन असताना रेड आली तर? बहुतेक जण छतावर पळतात आणि दोन मिनिटांत मरतात. मार बसलेल्या भिंतीला लगेच दुरुस्ती करता येत नाही, त्यात वेळ घालवू नका. फुटलेल्या जागेच्या आत एक भिंत मागे या आणि नवीन भिंत ठोका. ५० लाकडाचा ट्विग, त्यावर लगेच ३०० दगड. तुमचे हे साडेतीनशे, आणि समोरच्याचे पुन्हा २ सी४, म्हणजे ४४०० सल्फर. यासाठी टीसीच्या खोलीत एक छोटी पेटी वेगळी ठेवा: १५०० दगड, २५० लाकूड, एक हातोडा, एक बिल्डिंग प्लॅन. पाच भिंतींचा माल झाला. समोरचा बाहेर बसून २२,००० सल्फरची बेरीज नव्याने करू दे.