हा माज्या भावाचा धक्का

आज सकाळी भाऊच्या धक्क्यावरून मांडव्याला जाणाऱ्या रो-रो बोटीत बसलो होतो. पाऊस नुसता ओतत होता. वरच्या डेकवर छपराखाली जेमतेम उभं राहायला जागा. शेजारी तीन-चार पोरं, विशी-बाविशीची. त्यातला एक फोन समोर धरून रील करत होता. "तर मंडळी, आपण आलोय भाऊच्या धक्क्यावर. आता हा भाऊ कोण, ते कोणालाच माहीत नाही. असेल कुठला तरी डॉन!" सगळी खिदळली. आजूबाजूची दोन-चार मोठी माणसंही हसली.

माझं डोकंच फिरलं. आज १७ जुलै आहे. माझ्या खिशात मूठभर तांदळाची पुडी होती. आणि हा पोरगा भाऊला डॉन म्हणत होता.

"डॉन नव्हता तो," मी म्हणालो. जरा जोरातच बोललो असेन, कारण ती सगळी एकदम गप्प झाली.

बोलायचं खूप होतं. पण घशात काहीतरी अडकलं आणि मी रेलिंगपाशी जाऊन उभा राहिलो. ते सगळं आता गावी पोचल्यावर इथे लिहितोय. वाचायचा कंटाळा येईल त्यांनी खुशाल पुढे जा.

माझी आजी रेवसकडची. लहानपणी मे महिन्याच्या सुट्टीत ती मला लाँचने गावी न्यायची. डोक्यावर गाठोडं, एका हातात मी, दुसऱ्या हातात पत्र्याचा डबा. फळीवरून लाँचमध्ये पाय टाकण्याआधी ती थांबायची, धक्क्याच्या ओल्या दगडाला हात लावून तो हात कपाळाला लावायची आणि म्हणायची, "हा माज्या भावाचा धक्का." मला पुष्कळ वर्षं खरंच वाटायचं की हा धक्का आजीच्या भावाचा आहे. शाळेत एका मुलाला तसं छातीठोकपणे सांगितलंही होतं.

आजीचा भाऊ गोदीत हमाल होता. १७ जुलै १९४७ ला, गटारी अमावस्येच्या दिवशी, सकाळी तो रामदास बोटीने घरी यायला निघाला. पोचला नाही.

तुम्हाला, निदान माझ्या यादीतल्या कोकणातल्या लोकांना, रामदास काय ते सांगायला नको. बाकीच्यांसाठी सांगतो. सकाळी आठच्या सुमाराला भाऊच्या धक्क्यावरून रेवसला सुटलेली आगबोट काशाच्या खडकाजवळ वादळात सापडली. एक मोठी लाट आली, माणसं जिवाच्या भीतीने एका बाजूला धावली, बोट कलली आणि गेली. सहाशेच्या वर माणसं गेली. बोटीवर बिनतारी यंत्रणा नव्हती, त्यामुळे इतकी माणसं बुडाली हे मुंबईला कळायलाच कित्येक तास गेले. वाचली ती बरीचशी रेवसकडून मासळी घेऊन येणाऱ्या कोळ्यांमुळे. त्यांनी भर तुफानात होड्या वळवल्या आणि हाताला लागेल त्याला वर ओढलं. स्वातंत्र्याला महिनासुद्धा उरला नव्हता. ऑगस्टच्या आनंदात ती सहाशे माणसं बुडाली ती बुडालीच. आणि आता गटारी जवळ आली की फोनवर येतात ती बाटल्यांची चित्रं. आमच्या घरात गटारीला आजतागायत चूल साधी पेटते. वरण-भात.

आजीचा भाऊ येणार म्हणून घरी एक कोंबडा राखून ठेवला होता. भाऊ आला नाही. तो कोंबडा मग कोणी कापला नाही. विकलाही नाही. अंगणात हिंडत हिंडत म्हातारा होऊन मेला. आजी त्याला रोज सकाळी मूठभर तांदूळ टाकायची. तो मेल्यावर ती मूठ ती समुद्रात टाकायला लागली, जेव्हा जेव्हा लाँचमधून जाईल तेव्हा. माझ्या खिशातली पुडी ती.

आता त्या भाऊबद्दल, ज्याला आज डॉन केलं गेलं.

लक्ष्मण हरिश्चंद्र अजिंक्य. पाठारे प्रभू. लोक त्यांना भाऊ म्हणत, भाऊ रसूल असंही म्हणत. तेव्हा होडीतून मुंबईत उतरायचं म्हणजे ओहोटीच्या वेळी गुडघाभर चिखल तुडवत यायचं. बायकामाणसं, पोरं, म्हातारी, सगळ्यांची तीच गत. साहेबलोकांसाठी सोय होती, कोकणातून येणाऱ्या गरिबाला कोण विचारतो? या माणसाने समुद्रात भर टाकून १८४१ च्या सुमारास धक्का उभा केला. एका कारकुनी पेशाच्या मराठी माणसाने! गोविंद नारायण माडगावकरांनी १८६३ साली मुंबईचं वर्णन लिहिलं, मराठीत, त्यात या गोष्टी आहेत. म्हणजे दीडशेहून जास्त वर्षं हे छापलेलं आहे. आजचा धक्का मूळ जागेवर नाही, ते ठाऊक आहे मला, कोणी कमेंटमध्ये सांगायला येऊ नका. जागा सरकली, नाव लोकांनी उचलून सोबत आणलं. सरकारदरबारी तो फेरी व्हार्फ झाला तरी कोकणी माणसाच्या तोंडातून भाऊ गेला नाही. एवढं प्रेम लोकांनी एखाद्या गव्हर्नरवर केलं का कधी?

आणि तरी आम्हाला शिकवतात काय? सात बेटं, १६६१ साली पोर्तुगालच्या राजकन्येच्या लग्नाच्या करारात इंग्रजांच्या राजाला आंदण, १६६८ ला वर्षाला दहा पौंड भाड्याने कंपनीकडे, आणि मग साहेबाने मुंबई बांधली. संपला इतिहास. जसं काही त्या बेटांवर कोणी राहतच नव्हतं! कोळ्यांची मुंबादेवी, जिच्या नावावर हे शहर आजही हाक मारून घेतं, ती काय साहेबाच्या गलबतातून उतरली? कुलाबा, माझगाव, वरळी, माहीम, परळ ही नावं कुठल्या लंडनच्या दप्तरातून आली? माझ्या ओळखीच्या शिकल्यासवरल्या माणसांच्या तोंडून मी हे ऐकतो, "काहीही म्हण, मुंबई इंग्रजांचीच देणगी." संताप येतो. देणगी! बेटांमधली खाडी बुजवायला डोक्यावर पाट्या कोणी वाहिल्या?

बरं, गोद्यांचे आराखडे त्यांचे, अंमल त्यांचा, हे मान्य. पुढे चला.

१७३६ साली सुरतेहून लवजी नसरवानजी वाडिया आपले सुतार घेऊन या बेटावर आला. १७५० ला इथे कोरडी गोदी, म्हणजे ड्राय डॉक, झाली. त्याच्या घराण्याने पिढ्यानपिढ्या इथे मलबारी सागवानाची जहाजं बांधली, खुद्द इंग्लंडच्या आरमारासाठी. जगावर राज्य करणाऱ्या आरमाराला जहाजं पुरवायची आमच्या मुंबईच्या किनाऱ्यावरच्या सुतारांनी! १८४२ साली चीनने ज्या जहाजावर शरणागतीच्या तहावर सही केली ते कॉर्नवॉलिस मुंबईत बांधलेलं. १८१७ साली इथून पाण्यात उतरलेलं त्रिंकोमाली आजही तरंगतंय, इंग्लंडमध्ये हार्टलपूलला. दोनशे वर्षं उलटून गेली. त्या लोकांनी ते जपलंय, पॉलिश करून ठेवलंय, तिकीट लावून दाखवतात. सागवान आपलं, हात आपले, आणि बघायचं तर तिकडे जायचं.

माहीमची खाडी ओलांडताना होड्या उलटून माणसं मरायची. सरकार खर्च करायला तयार नव्हतं. जमशेटजी जीजीभॉय यांच्या पत्नी अवाबाई यांनी खाडीवरून रस्ता, आजचा माहीम कॉजवे, बांधायला दीड लाखाच्या वर रुपये दिले, १८४५ च्या मानाने कल्पनेपलीकडची रक्कम, आणि अट घातली की लोकांकडून टोल घ्यायचा नाही. त्या पैशात चीनला गेलेल्या अफूचा पैसा होता हेही खरं, ते मी लपवत नाही. पण त्या रस्त्यावरून रोज लाखो माणसं जातात आणि त्यातल्या किती जणांना अवाबाई ठाऊक आहेत?

मघाशी म्हटलं ना, आजीचा भाऊ गोदीत होता. तो १९४४ च्या स्फोटातून वाचला होता. १४ एप्रिलला त्याची रात्रपाळी होती, दिवसा तो खोलीवर झोपला होता, म्हणून. आजी सांगायची, तो झोपेतून उठून बसला तेव्हा खोलीतली भांडी सगळी जमिनीवर होती आणि भिंतीवरची लक्ष्मी त्याच्या मांडीवर.

व्हिक्टोरिया गोदीत फोर्ट स्टिकिन नावाचं जहाज. पोटात चौदाशे टनांच्या आसपास स्फोटकं आणि त्याच जहाजात कराचीला चढवलेल्या कापसाच्या गाठी. असा माल भरायची परवानगी देणाऱ्याला काय म्हणावं? दुपारी धूर दिसला. अग्निशमन दलाची माणसं पाइप घेऊन आगीच्या तोंडाशी गेली आणि तिथेच उभी राहिली. चार वाजून सहा मिनिटांनी पहिला स्फोट. अर्ध्या तासाच्या आत दुसरा. जहाजावर सोन्याच्या विटा होत्या, त्यातली एक मैलभर लांब एका पारशी गृहस्थाच्या घरात छप्पर फोडून पडली. त्याने ती परत केली. सोन्याच्या विटेची गोष्ट सगळ्यांना पाठ असते. अग्निशमन दलाची ६६ माणसं त्या आगीत गेली, ते विचारलं की लोक आकाशाकडे बघतात. देशभर १४ एप्रिलपासून अग्निशमन सप्ताह पाळतात तो त्यांच्यासाठी.

पुढे कितीतरी दिवस आजीचा भाऊ तिथले ढिगारे उपसत होता. त्याबद्दल घरी तो फक्त एकदाच बोलला. म्हणाला, मातीत बोटं सापडतात. आजीने हे मला मी बराच मोठा झाल्यावर सांगितलं, तेही दिवे गेलेल्या एका रात्री.

ती गोदीसुद्धा आता बुजवलेली आहे.

मला चीड याची येते. पुतळे कुठे नाहीत? आहेत, फोर्टात फिरलात तर मान दुखेल एवढे आहेत. कुलाब्याला १९४६ च्या नाविकांच्या उठावाचं स्मारक आहे. मेट्रो सिनेमासमोर डॉक्टर व्हिएगास उभे आहेत, ज्यांनी १८९६ ला मांडवीत प्लेग ओळखला आणि स्वतः त्या वस्तीत फिरले. पण पुतळा उभा केला की सुटलो असं आपल्याला वाटतं. घरात कोण सांगतं? ४६ च्या फेब्रुवारीत इंग्रजांनी उपाशी ठेवलेल्या नाविकांसाठी मुंबईच्या लोकांनी गेटवेवर डबे नेऊन दिले. आणि २२ तारखेच्या गोळीबारात परळला कार्यकर्त्या कमल दोंदे गोळी लागून पडल्या. हे तुमच्या मुलीला तुम्ही सांगितलंत? मी माझ्या मुलाला सांगितलं नव्हतं. आता लिहिताना लक्षात आलं. सांगितलं नव्हतं.

तर तो पोरगा. मी रेलिंगपाशी उभा होतो तिथे तो आला. फोन खिशात. म्हणाला, "काका, सॉरी. कोण होते भाऊ?"

सांगितलं. अजिंक्यांचं सांगितलं, मग आजीचं सांगितलं, रामदासचं सांगितलं. तो मधे एक शब्द बोलला नाही. मग म्हणाला, "माझे पणजोबा मस्जिद बंदरला पाठीवर पोती वाहायचे. साताऱ्याचे आम्ही. एवढंच माहितीय मला." त्यांचं नाव विचारलं तर त्याला आठवेना. लाजला. मग म्हणाला, आज रात्री पप्पांना विचारतो.

माझा राग तिथेच विरघळला. त्याची काय चूक? त्याला कोणी सांगितलंच नाही. त्याच्या बापाला त्याच्या बापाने सांगितलं नसेल. पोती वाहून आलेला माणूस रात्री बोलत बसतो का.

"काशाचा खडक कुठे?" त्याने विचारलं. मी दाखवला, म्हणजे दिशा दाखवली. पावसाच्या पडद्याआड काही दिसत नव्हतं, नुसता राखाडी रंग, वर-खाली होणारा. मी पुडी सोडली. तांदूळ वाऱ्याने अर्धे परत डेकवर आले, आमच्या बुटांवर. तो वाकला आणि ओल्या पत्र्यावरून एकेक दाणा वेचून पाण्यात टाकायला लागला. मी नको म्हटलं, तरी टाकत राहिला.

घरी आलो तेव्हा पाऊस थांबला होता. आजीची ट्रंक माळ्यावरून उतरवली. तिच्या भावाचा फोटो नाही, कधी काढलाच नव्हता. त्याने गोदीतून दुसऱ्या कोणाकडून तरी लिहवून घेतलेलं एक पोस्टकार्ड आहे, जून ४७ चं. तिच्या लुगड्याच्या घडीत होतं, तिथेच ठेवलंय आम्ही. शाई बरीच उडालीय. आज मुलाला जवळ बसवून वाचून दाखवलं. वाचता येतं ते एवढंच: "गटारीस येतो. कोंबडा राखून ठेवणे."