कमी करा, अजून कमी करा

माझ्या घरातली एकच भिंत पूर्ण रिकामी आहे. तिच्यावर घड्याळ नाही, कॅलेंडर नाही, लग्नाचा फोटोही नाही, कारण ती भिंत हेच माझे कार्यालय आहे. आठवड्यातून दोनतीनदा मी तिला पाठ लावून उभी राहते, समोरच्या मोबाईलला नाव, उंची आणि दहा वर्षांपूर्वी खरे असलेले वय सांगते, डावीकडे वळते, उजवीकडे वळते आणि शेवटी दोन्ही पंजे उलटसुलट करून दाखवते. (पंजे कशासाठी बघतात, हे मला अजून कळलेले नाही, बोटे दहाच असल्याची खात्री करून घेत असावेत.) पूर्वी या ऑडिशनसाठी मुंबईत वर्सोव्याच्या आरामनगरात जाऊन रांगेत उभे राहावे लागे. करोनानंतर ऑडिशन घरी आली. रांग गेली आणि तिच्या जागी कुकरची शिट्टी आली.

पोटासाठी मी मालिका करते आणि जिवासाठी स्वतंत्र चित्रपट, म्हणजे मोठ्या निर्मात्याशिवाय, थोड्या पैशात होणारे. मालिकेत मी नायकाची आत्या आहे. घोडबंदर रोडवरच्या सेटवर बारा तास भरजरी साडीत वावरून मला भागात एखादे वाक्य मिळते. मात्र ते बोलून झाल्यावर कॅमेरा तीन दिशांनी माझ्यावर धावून येतो आणि प्रत्येक वेळी मला नव्याने हादरावे लागते. ‘आत्या, डोळे अजून मोठे’ हे तिथले ब्रीदवाक्य. गुरुवारी टीआरपी येतो. तो घसरला की आत्याची काशीयात्रेला रवानगी होते आणि सावरला की गाडी चुकली म्हणून ती उंबरठ्यावर परत हजर असते. मानधन ९० दिवसांनी मिळते. त्यामुळे आषाढात रडलेल्या रडण्याचे पैसे दसऱ्याच्या सुमारास हाती पडतात आणि तोवर आपण नेमके कशासाठी रडलो होतो, हेही आठवत नाही.

स्वतंत्र चित्रपटात सगळे उलटे असते. तिथे मानधनाचा प्रश्न फारसा उद्भवत नाही. मेकअप नसतो आणि अभिनयही नको असतो. २०१४ साली ‘कोर्ट’ हा चित्रपट व्हेनिसच्या महोत्सवातून पारितोषिक घेऊन आला, आणि त्यातल्या बऱ्याच भूमिका कधी कॅमेऱ्यासमोर न आलेल्या माणसांनी केल्या आहेत, ही गोष्ट प्रत्येक तरुण दिग्दर्शकाने मनावर घेतली. चित्रपट मलाही अतिशय आवडला होता, हे माझे वेगळे दुःख आहे. तेव्हापासून ‘तुम्ही फार अभिनेत्री वाटता’ हे वाक्य मी इतक्यांदा ऐकले आहे, की पुढच्या वेळी परिचयात व्यवसायापुढे गृहिणी असे सांगावे, असा माझा विचार आहे.

गेल्या महिन्यात अशाच एका चित्रपटासाठी निरोप आला. पाण्याच्या जोडणीसाठी पालिकेत खेटे घालणारी विधवा, व्हिडिओ संध्याकाळी पाचच्या आत हवा. समोरच्या कारकुनाची वाक्ये वाचायला मी शेजारच्या काकूंना बोलावले. काकू चष्मा घरीच विसरल्या होत्या. माझा कंठ दाटून येण्याच्या क्षणाला कुकरने चौथी शिट्टी दिली आणि कारकुनाच्या तोंडून ‘अगं, डाळ करपेल तुझी!’ असे उद्गार निघाले. पाचला दहा मिनिटे उरली होती, म्हणून मी तसाच व्हिडिओ पाठवला.

उत्तर आले, ‘मॅडम, छान. थोडे कमी करा.’ मी कमी केले. ‘अजून कमी.’ चौथ्या खेपेला मी पापणीही हलवली नव्हती आणि श्वास बेताचाच घेतला होता. त्यावर बराच वेळ शांतता पसरली आणि मग विचारणा झाली, ‘पहिल्या व्हिडिओत डाळीबद्दल बोलणाऱ्या बाई कोण आहेत? त्यांचा एक व्हिडिओ मिळेल का?’

काकू पैठणी नेसून आणि पावडर लावून आल्या. मी पावडर पुसली, पैठणी बदलायला लावली, पंजे दाखवायला सांगितले. ‘हात कशाला गं? भविष्य बघतात की काय?’ असे त्यांनी विचारले, तेव्हा मला उत्तर देता आले नाही. मानधन ९० दिवसांनी मिळते हे ऐकून त्या म्हणाल्या, ‘आमचा रद्दीवालासुद्धा रोख देतो.’ मग मी मोबाईलच्या मागे उभी राहून कारकुनाची वाक्ये म्हटली आणि काकूंनी, दूधवाल्याशी जशा बोलतात तशाच, पाणी मागितले.

रात्री निरोप आला. ‘काकू उत्तम. एक टेक पुन्हा हवा. कारकुनाची वाक्ये म्हणणाऱ्या बाईंना जरा कमी अभिनय करायला सांगा.’