जेफरसन एकाच भूमिकेचा नट नव्हता

लेख आवडला, पण जोसेफ जेफरसन या एकोणिसाव्या शतकातल्या अमेरिकन नटाने आयुष्यभर फक्त रिप व्हॅन विंकल (त्याच नावाच्या नाटकातला, वीस वर्षं झोपून उठणारा माणूस) केला हे त्यातलं वाक्य खटकलं. अहो १८२९ चा जन्म, घरात पिढ्यानपिढ्या नाटक, अगदी लहानपणीच स्टेजवर, १८४२ मध्ये वडील गेले तरी पोरवयात गावोगाव दौरे केले, १८५८ ला न्यूयॉर्कमध्ये 'अवर अमेरिकन कझिन' या नाटकातला एसा ट्रेंचर्ड गाजवला, मग काही वर्षं ऑस्ट्रेलियात, आणि त्याचा रिप खऱ्या अर्थाने उभा राहिला तो १८६५ ला लंडनमध्ये, पस्तिशी उलटल्यावर! नंतर 'द रायव्हल्स' या नाटकातला बॉब एकर्सही केलाच की.

आणि एक गोष्ट लेखात यायलाच हवी होती. १८७० मध्ये जॉर्ज हॉलंड हा म्हातारा विनोदी नट वारला, तर तो नट होता म्हणून पाद्र्याने अंत्यविधीला नकार दिला आणि कोपऱ्यावरच्या छोट्या चर्चमध्ये जा म्हणाला. तिथे विधी झाला, त्या चर्चला आजही लोक 'लिटल चर्च अराउंड द कॉर्नर' म्हणतात. मित्रासाठी दारोदार गेलेला माणूस हाच जेफरसन, मला तर त्याच्या सगळ्या भूमिकांपेक्षा हे मोठं वाटतं.

१८९६ मध्ये त्याच्या रिपचे छोटे मूकपटही काढलेत, दोन मिनिटं काढून नक्की बघा.