आरोपी घरी, टेम्पो ठाण्यात

दारू ज्याच्या धाब्यावर चालली होती तो मोकळा फिरायलाय. ज्यानं गाडीत भरली त्या ड्रायव्हरला लगेच जामीन झाला, आता दुसऱ्याच्या पिकअपवर लागलाय. आतमध्ये आहे तो फक्त माझा टेम्पो. मोंढ्यात सोयाबीन टाकून रिकामा येत होता, ह्या बहाद्दरानं वरच्या कमाईसाठी देशीचे बॉक्स टाकले आणि नाक्यावर सापडला. मी घरी झोपेत. पण आरसी माझ्या नावावर, म्हणून पोलीस ठाण्याच्या पायऱ्या झिजवायच्या मी आणि फायनान्सचा हप्ता भरायचा तोही मीच. फायनान्सवाल्याला सांगा, गाडी मुद्देमालात आहे. तो म्हणतो, असू द्या, पाच तारखेला खात्यात पैसे ठेवा.

आता कायदा बघा. १९४९ चा दारूबंदी कायदा. विनापरवाना वाहतुकीला कलम ६५ लागतं, आणि कलम ९८ म्हणतं की दारू वाहणारं वाहन सरकारजमा होऊ शकतं. होऊ शकतं, कोर्टानं ठरवल्यावर! त्याच्याच पुढचं कलम ९९ प्रामाणिक मालकासाठी आहे. गुन्हा होऊ नये म्हणून आपण काळजी घेतली होती हे मालकानं पटवून दिलं, तर गाडी त्याला परत मिळते. पण हे सगळं खटला चालल्यावर. खटला कधी चालणार? आमच्याकडं तारखेवर तारीख पडते, तोवर गाडीचं भंगार होतं.

बरं, खटला संपेपर्यंत गाडी मालकाच्या ताब्यात द्यायची सोय नाही असंही नाही. पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम ४५७, आता नवीन नागरिक सुरक्षा संहितेत ५०३. सुप्रीम कोर्टानं २००२ मध्येच सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात बजावलंय की जप्तीच्या गाड्या ठाण्यात पाडून ठेवण्यात काही अर्थ नाही. नीट पंचनामा करा, फोटो काढा, बंधपत्र आणि हमी घ्या, गाडी सुपूर्दनाम्यावर, म्हणजे बोलवाल तेव्हा हजर करीन असं लिहून घेऊन, देऊन टाका. माझ्या वकिलानं हा निकाल अर्जाला जोडला. सरकारी बाजूचा ‘से’, म्हणजे लेखी म्हणणं, आला तो असा: वाहन पुन्हा गुन्ह्यात वापरलं जाईल, शिवाय ते सरकारजमा होण्यास पात्र आहे. झालं, अर्ज नामंजूर.

अहो, सरकारजमा होण्यास पात्र आहे म्हणून तर बंधपत्र घ्यायचं ना! उद्या कोर्टानं सरकारजमा करायचा हुकूम काढला तर गाडी आणून उभी करीन, नाही आणली तर बंधपत्राची रक्कम वसूल करा. एवढी साधी गोष्ट. आणि पुन्हा गुन्ह्यात वापरीन म्हणे! ज्या देशीच्या बॉक्सपायी माझी गाडी अडकली, तसली देशी तालुक्याच्या गावात परवान्याच्या दुकानात दिवसाढवळ्या मिळते, सरकार त्यावर उत्पादन शुल्क घेतं. तिथं गुन्हा नाही. तुम्हाला एवढी काळजी आहे तर धाब्यावर जा की.

ठाण्याच्या आवारात एकदा चक्कर मारा. बाभळी उगवल्यात गाड्यांमधून. माझ्या टेम्पोची बॅटरी गेली, स्टेपनी गेली, ताडपत्री कधी गेली कळलंसुद्धा नाही. विचारलं तर हवालदार म्हणतो, “पंचनाम्यात स्टेपनी लिहिलीय का?” नाही लिहिलेली. पंचनाम्यात नुसतं ‘एक टेम्पो जुना वापरता’. आता सांगा, उद्या मी निर्दोष मालक ठरलो तर परत काय मिळणार, सांगाडा?

बिहारमध्ये तर २०१६ च्या कायद्यानं गाडी सरकारजमा करायचे अधिकार थेट कलेक्टरला दिले, आणि लोकांची पाटणा हायकोर्टात रीघ लागली. आपल्याकडं निदान कोर्टापुढं उभं राहता येतं. उभंच राहिलोय.

सध्या सेशन कोर्टात त्या नामंजुरीवरचं रिव्हिजन (फेरतपासणीचा अर्ज) पडून आहे, कारण तिथंही ‘से’ आलेला नाही. वकील म्हणतात नाहीच झालं तर संभाजीनगरला हायकोर्टाच्या खंडपीठात जाऊ. जाऊ की. पण तिथल्या फीचे पैसे ज्या टेम्पोच्या भाड्यातून यायचे तोच आत आहे, हे त्यांना कोण सांगणार?

बीड, परभणी, हिंगोलीकडं कुणाची गाडी दारूच्या केसमधून सुपूर्दनाम्यावर सुटली असेल तर ऑर्डरची नक्कल पाठवा. पुढच्या तारखेला कोर्टापुढं ठेवतो.